माईक चाचणीवाली बाई आणि आमची फिरती ढाल

मुक्काम देवगाव फाट्याजवळ, जि. परभणी
दि. २४ एप्रिल १९९४

तीर्थस्वरूप दाजी यांना रंगनाथचा नमस्कार. तो वाकून केला असं समजावं. कमरेत उसण भरल्यामुळे प्रत्यक्षात खुर्चीवर बसूनच केला आहे. अक्काचे गुडघे काय म्हणतात? मागे निरगुडीचा पाला पाठवला होता, तो तिनं शेकायला वापरला की शेजारणीला देऊन टाकला, हे खरं खरं कळवावं. तुमच्या दुकानातल्या रेडिओंची तब्येत मुद्दामच विचारत नाही. लोक आता टी.व्ही.पुढे बसतात, त्यामुळे रेडिओ बिघडायला जेवढा वापरावा लागतो तेवढाही कुणी वापरत नसेल. इकडे सर्व क्षेम आहे. ऊन मरणाचं आहे, म्हैस आटली आहे आणि आबासाहेब बारा दिवसांपासून माझ्याशी बोलत नाहीत, म्हणजे एकंदरीत बरं चाललं आहे.

तुमचं कार्ड मिळालं. ‘मराठवाडा लोकप्रिय गायन पुरस्कार सोहळा देवगाव फाट्यावर उत्साहात संपन्न’ अशी बातमी तुम्ही पेपरात वाचलीत आणि ती खरी आहे का, असं विचारलंत. दाजी, ती बातमी मीच पाठवली होती. सोहळ्याच्या आदल्या दिवशी पाठवली होती, कारण नंतर पाठवली की शिळी होते म्हणून छापत नाहीत. गेली तेरा वर्षं आमचा सोहळा आदल्या दिवशीच उत्साहात संपन्न होतो. यंदा दुसऱ्या दिवशी काय झालं ते पेपरवाल्यांना ठाऊक नाही, आणि तुम्हाला सांगायचं तर पार मुळापासून सांगावं लागेल. तसंही सत्त्याऐंशी साली तुम्ही मला एक प्रश्न विचारला होता आणि मी उत्तर दिलं नव्हतं. ते याच पत्रात येईल. चहा ठेवायला सांगा आणि निवांत वाचा.

ब्याऐंशी साली आमचे आबासाहेब (तुम्ही त्यांना ओळखता, जमीन मोजताना ते मोठमोठ्यानं बोलतात ते) मुंबईहून कुठला तरी गाण्याचा बक्षीस समारंभ बघून आले. तिथं नट्या होत्या, दिवे होते आणि एका माणसाला नुसतं गायल्याबद्दल बाहुली मिळाली, हे बघून त्यांना परभणी जिल्ह्याचा मागासलेपणा एकदम खुपायला लागला. परतल्यावर फाट्यावरच्या हॉटेलात त्यांनी आम्हा पाच जणांना बोलावलं आणि मराठवाड्यातला सर्वांत लोकप्रिय गायक निवडायचं ठरवलं. मराठवाडा म्हणजे त्यांच्या मनात चालत येता येतील अशी सात गावं. आणि सर्वांत लोकप्रिय गायक म्हणजे त्यांचा पुतण्या सूर्यभान, ज्याचा गळा लहानपणी गोड होता असं त्याची आई सांगते. मी शाळेत मराठी शिकवतो म्हणून मला चिटणीस केलं. सेलूच्या सोनाराकडून फिरती ढाल करून आणली. मधोमध वीणा, आणि कडेनं दर सालच्या विजेत्याचं नाव लावायला चांदीचं पाणी दिलेल्या पट्ट्या. पट्टी आमच्याकडे स्पर्धेच्या आठ दिवस आधीच कोरून येते, एवढी शिस्त मुंबईवाल्यांनाही जमली नसेल.

पाडव्याच्या दुसऱ्या दिवशी, दुपारी चार वाजता, हॉटेलामागच्या पटांगणात, अशी वेळ आणि जागा ठरली. (येलदरीची वीज आमच्या बाजूला चारलाच येते. आपल्या जिल्ह्यात धरण, आपल्याच जिल्ह्यात बत्ती, पण ती यायची वाट मात्र आपण बघायची.) लाउडस्पीकर भुजंगचा. भुजंग म्हणजे पंचक्रोशीतल्या सगळ्या लग्नांना, बारशांना आणि सभांना भोंगे लावणारा माणूस. त्याचं मशीन जुनं आणि लहरी. शिट्टी मारायला लागलं की ते ताळ्यावर आणायला कुणीतरी पाव तास एकाच ताकदीनं माईकपुढे बोलत राहावं लागतं. पहिल्या साली भुजंगचा गळा हॅलो हॅलो करून पार बसला. त्याच वेळी पटांगणात कडूबाई झाडत होती. ती वस्तीतली, आबासाहेबांनी तिला झाडलोट करायला आणि सडा घालायला रोजानं बोलावलं होतं. झाडताना ती आपली गुणगुणत होती. भुजंगनं तिला तशीच खराट्यासकट माईकपुढे उभी केली आणि म्हणाला, मावशी, तेच जरा इथं म्हणा, माझं मशीन लावून होईपर्यंत.

दाजी, मी शाळेत बावीस वर्षं प्रार्थना ऐकतो आहे, त्यामुळे गाण्याविषयी माझं मत फारसं चांगलं नाही. पण ती बाई गायली आणि फाट्यावर एस.टी.तून उतरलेली माणसं दुसऱ्या एस.टी.त चढायची राहिली. कंडक्टर घंटी वाजवतो आहे आणि निम्मी गाडी पटांगणात. पाव तासात पाचशे माणूस जमलं. मशीन लागलं, कडूबाई खराटा घेऊन खाली उतरली, आबासाहेबांनी नारळ फोडला आणि आमच्या सोहळ्याला लोटलेली अलोट गर्दी बघून भाषणात दोनदा गहिवरले.

लोकप्रियता मोजायची पद्धत त्या साली टाळ्यांची होती. आबासाहेबांनी हातातलं घड्याळ काढून माझ्या हातात दिलं आणि प्रत्येक गाण्यानंतर टाळ्या किती वेळ टिकतात ते टिपायला सांगितलं. सूर्यभानच्या अकरा सेकंद टिकल्या, त्यातल्या शेवटच्या चार नुसत्या त्याच्या सासुरवाडीच्या. (पेडगावची मंडळी, जावयासाठी सकाळीच आली होती.) बाकीच्यांच्या सहा-सात. सूर्यभान विजयी झाला. भुजंग मशीन आवरताना मला म्हणाला की मास्तर, कडूमावशीच्या टाळ्या चार मिंटं चालल्या, मी मोजल्या. मी त्याला समजावून सांगितलं की नारळ फोडण्याच्या आधीच्या टाळ्या कार्यक्रमात धरता येत नाहीत. कार्यक्रमपत्रिकेत तिचं नाव नव्हतंच. तिथं मीच लिहिलं होतं, चार ते सव्वाचार, माईक चाचणी.

दुसऱ्या साली टाळ्यांत लबाडी होते असं आबासाहेबांना वाटलं (पेडगावची मंडळी त्या साली येणार नव्हती), म्हणून हॉटेलात तेलाचा रिकामा डबा ठेवून चिठ्ठ्या टाकायला सांगितल्या. गायकाचं नाव लिहून डब्यात टाकायचं. सहाशे बारा चिठ्ठ्या निघाल्या. मी आणि आबासाहेब उघडायला बसलो. पहिल्या चिठ्ठीवर लिहिलं होतं, ‘मायक टेष्टिंग’. दुसरीवर ‘मायकवाली बाई’. तिसरीवर ‘चार वाजताची’. लोकांना तिचं नाव ठाऊक नव्हतं, आम्ही ते सांगितलंच नव्हतं. अशा चारशे सतरा. आबासाहेबांनी मिशीवरून हात फिरवला आणि निकाल दिला की माईक चाचणी या नावाचा कुणीही स्पर्धक नसल्यामुळे ही मतं बाद. तसं इतिवृत्तात मी लिहून ठेवलं. सूर्यभान अठ्ठावन्न मतांनी लोकप्रिय ठरला आणि त्याला खांद्यावर घ्यायला चार माणसं हॉटेलातून बोलवावी लागली.

तिसऱ्या साली भुजंगनं स्वतःच कडूबाईचा अर्ज भरून आणला. झालं, आमच्यापुढे पेच. अर्जात गट लिहायचा होता आणि आमचे गट चार: भक्तिगीत, भावगीत, चित्रपटगीत, लोकगीत. कडूबाई बाबासाहेबांची गाणी म्हणते. ही तिच्या नवऱ्यानं, आश्रुबानं रचलेली. तुम्हाला आमच्या त्या सभेला बोलवायला हवं होतं, दाजी. एवढी संगीतचर्चा त्यानंतर इथं कधी झाली नाही. भक्तिगीत म्हणावं तर त्यात देव पाहिजे आणि इथं माणूस आहे, असं एकजण म्हणाला. भावगीतात भाव एवढ्या मोठ्यानं सांगत नाहीत, असं दुसऱ्याचं म्हणणं. लोकगीत म्हणावं तर त्याला कर्ता नसावा लागतो आणि हिच्या गाण्याचा कर्ता सगळ्यांना ठाऊक, शिवाय शेवटच्या कडव्यात तो आपलं नावही घालतो. चित्रपटाचा प्रश्नच नव्हता. शेवटी आबासाहेब म्हणाले की विषय नाजूक आहे, विद्यापीठाच्या नावावरून आधीच वातावरण तापलेलं आहे, आपण कलेचे लोक, आपण कशाला त्यात. ‘गीत उत्तम, तथापि कोणत्याही गटात समाविष्ट होत नसल्याने अर्ज सखेद परत’ असा ठराव झाला. तो मी लिहिला. त्यात शुद्धलेखनाची एक चूक नव्हती. अर्ज परत द्यायला मीच वस्तीत गेलो आणि दारात उभं राहून अर्धा तास गटांची माहिती सांगितली. कडूबाईनं सगळं ऐकून घेतलं आणि एवढंच विचारलं, चार वाजताच यायचं न्हवं?

आता नाजूक विषय निघालाच आहे तर थोडं त्याविषयी. विद्यापीठाचं नाव बदलून बाबासाहेबांचं द्यायचा ठराव अठ्ठ्याहत्तर साली झाला आणि प्रत्यक्ष नाव यंदाच्या संक्रांतीला लागलं, तेही बदललं नाही, नुसतं वाढवलं. सोळा वर्षं गेली एका नावाला. आणि आमचा पुरस्कार बघा. पहिल्यांदा तो आबासाहेबांच्या आईच्या नावे कै. कस्तुराबाई स्मृती पुरस्कार होता. मग एका खतवाल्यानं मांडव दिला, तेव्हा खताच्या नावानं झाला. मग बियाणांच्या एका दुकानदाराच्या वडिलांच्या नावे, मग पुन्हा कस्तुराबाई, मग एका ठेकेदाराच्या हयात असलेल्या सासऱ्याच्या नावे स्मृती पुरस्कार. (ते पहिल्या रांगेत बसून आपल्याच स्मृतीला टाळ्या वाजवत होते.) तेरा वर्षांत चार नामांतरं झाली. कुणी रस्त्यावर आलं नाही, एस.टी.ची एक काच फुटली नाही, कुणाची अस्मिता दुखावली नाही. उलट प्रत्येक नामांतराला शिरा होता. आबासाहेबांनी खतवाल्याचं नाव एका चहात मान्य केलं होतं, आणि विद्यापीठाच्या नावाविरुद्ध ते स्वतः ट्रकमध्ये उभे राहून परभणीपर्यंत गेले होते. हे मी त्यांना आजवर कधी बोललो नाही. तुम्हाला सांगतो आहे.

अठ्ठ्याहत्तरच्या त्या दिवसांत आमच्या शेजारच्या वस्तीला आग लावली, हे तुम्हाला ठाऊक आहे. आश्रुबाची गायन पार्टी होती आणि त्याच्याकडे एक पेटी होती. तिच्या भात्याला ठिगळ होतं, पण सूर खरा होता. ती पेटी घरासकट जळाली. त्यानंतर कडूबाई साथीशिवायच गाते, आणि आश्रुबा दोन वर्षांनी गेला. मी कुणाच्या घराला काडी लावली नाही, दाजी. कुणाच्या घराची विझवायलाही गेलो नाही. दाराला आतून कडी घालून, तुम्हीच दुरुस्त करून दिलेला रेडिओ मोठा करून बसलो होतो, बाहेरचं ऐकू येऊ नये म्हणून. याची मला लाज वाटते आणि इतकी वर्षं वाटतच आली आहे.

असो. सत्त्याऐंशी सालाकडे वळतो, कारण तो भाग तुमच्या ओळखीचा आहे. लोकांच्या मतांवर विश्वास ठेवायचा नाही असं एव्हाना ठरलं होतं, म्हणून परीक्षक नेमायचे झाले, आणि परीक्षक म्हणून मी तुम्हाला बोलावलं. माईकवर तुमची ओळख आबासाहेबांनी ‘आकाशवाणीशी ज्यांचा रोजचा संबंध’ अशी करून दिली, ते अगदीच खोटं नव्हतं. दुकानातले निम्मे रेडिओ तुम्ही परभणी केंद्रावर लावूनच तपासत होता. दुपारी तुम्हाला येलदरीचे मासे जेवायला घातले. ते तुम्ही तीन वेळा मागून घेतलेत, त्यामुळे सूर्यभानचं गाणं चालू असताना तुमची मान जी हलत होती ती दाद म्हणून हलत नव्हती, हे मी जवळून पाहिलं आहे. तरी तुम्ही त्याला शंभरपैकी सत्त्याण्णव गुण दिलेत. (त्यात पोशाखाला पंचवीस होते आणि त्यानं नवाकोरा सफारी शिवला होता.) पण घरी गेल्यावर तुम्ही पत्र पाठवलंत की रंगनाथ, कार्यक्रम सुरू होण्याच्या आधी, आम्ही हात धूत होतो तेव्हा, जी बाई गात होती ती कोण? ते पत्र मी शाळेच्या हजेरीपटात ठेवून दिलं. सात वर्षांनी उत्तर देतो: तिचं नाव कडूबाई आश्रुबा खिल्लारे.

त्याच्या पुढच्या साली, म्हणजे अठ्ठ्याऐंशीला, सूर्यभान माझ्या अल्पबचत गीतावर जिंकला आणि ढालीवर ‘उत्कृष्ट चाल’ म्हणून एक जादा पट्टी माझ्याही नावाची लागली. त्याचं विशेष काही नाही. त्यापुढची पाच वर्षं तशीच गेली. नियम दर साली बदलायचा, पट्टीवरचं नाव तेच राहायचं, आणि चार वाजता कडूबाई माईक तपासून जायची. तिच्या गाण्याला गर्दी जमायची आणि सूर्यभानच्या पहिल्या आलापाला चहाला उठायची.

आता यंदाचं. जानेवारीत विद्यापीठाचं नाव वाढलं आणि त्या आठवड्यातच आबासाहेब परभणीच्या एका सलोख्याच्या बैठकीला जाऊन आले. येताना सलोखा सोबत घेऊनच आले म्हणायला हरकत नाही. सभेत म्हणाले की जुनं विसरायला पाहिजे, आपण कडूबाईला काहीतरी दिलं पाहिजे. मला वाटलं चला, तेरा वर्षांनी का होईना. तर त्यांनी जाहीर केलं, उत्तेजनार्थ बक्षीस. शाल, नारळ आणि स्टीलचा डबा. दाजी, बाई साठीला आली आहे. तिला उत्तेजन मिळाल्यास ती पुढे आणखी चांगली गाईल, असा विश्वास अध्यक्षांनी व्यक्त केला, तो मी इतिवृत्तात उतरवून घेतला. सूर्यभानची पट्टी अर्थातच कोरून आलेली होती.

पाडव्याच्या दुसऱ्या दिवशी कडूबाई चारला आली. चांगलं धुतलेलं निळ्या काठाचं लुगडं नेसली होती. भुजंगचं मशीन शिट्टी मारत होतं. तिनं नेहमीसारखी आधी ती एक संथ चाल लावली (हल्ली काही वर्षं ती हीच आधी म्हणते), मग बाबासाहेबांचं गाणं धरलं, आणि हां हां म्हणता पटांगण भरलं. फाट्यावर परभणीची एक आणि जिंतूरची एक अशा दोन एस.टी. रिकाम्या उभ्या. आबासाहेबांना गर्दी बघून राहवेना. उत्तेजनार्थ शेवटी द्यायचं ठरलं होतं, पण लोक आहेत तोवर सलोखा करून घ्यावा म्हणून ते तसेच व्यासपीठावर गेले, माईक स्वतःकडे ओढून त्यांनी बक्षीस जाहीर केलं आणि डबा पुढे केला. फोटोवाला खाली तयार होता. प्रमुख पाहुणे उठून उभे राहिले. मी शालीची घडी मोडून धरली होती.

कडूबाईनं डब्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे पाहिलं, आणि माईकपाशी आली. मला वाटलं आभार मानेल. ती म्हणाली,

“हॅलो. समद्यायला आवाज यायलाय का?”

पटांगण एका सुरात म्हणालं, यायलाय.

“मागं, लिंबाखाली बसलेल्यायला यायलाय?”

लिंबाखालूनही यायलाय म्हणाले.

“मंग झालं माजं काम,” असं म्हणून ती खाली उतरली आणि वस्तीच्या वाटेला लागली.

तिनं कुणाला चला म्हटलं नाही. मागे वळूनही पाहिलं नाही. पण आधी बायका उठल्या, मग लिंबाखालची माणसं, मग दोन्ही एस.टी.ची माणसं (त्यातल्या काहींना तिकडे कुठं जायचं आहे हेही ठाऊक नसावं), आणि शेवटी जिंतूरचा कंडक्टर घंटीची दोरी सोडून त्यांच्यामागे. आबासाहेब माईकवरून बसा बसा म्हणत होते तेवढ्यात त्यांचाही आवाज बंद पडला, कारण भुजंग खांबावर चढून भोंगे सोडत होता. हे काय चाललंय, असं त्यांनी विचारलं तेव्हा तो वरूनच म्हणाला, “आबासाहेब, जिथं गानं हाय तिथं भोंगा पायजे. हितं तुमी चौघंच हाव, तसंच बोला की.” दोन्ही भोंगे आणि मशीन हातगाड्यावर घालून तोही गेला.

मागे आम्ही राहिलो. आबासाहेब, प्रमुख पाहुणे, मी, सफारीतला सूर्यभान, त्याची सासुरवाडी, आणि मांडवाला लावलेला आंब्याचा पाला खायला आलेल्या तीन शेळ्या. आबासाहेबांनी कार्यक्रम पुढे चालवायला सांगितला. तेरा वर्षांत पहिल्यांदाच सूर्यभान माईकशिवाय गायला आणि तेव्हा उलगडा झाला की त्याचा आवाज दुसऱ्या रांगेपर्यंत पोचतच नाही. पहिल्या रांगेतून त्याचे सासरे हात कानामागे धरून मोठ्यानं म्हण मोठ्यानं म्हण असं सांगत होते. पोराची मला कीव आली. त्याला कुणी विचारलंच नव्हतं की बाबा तुला गायचं आहे का. मध्येच थांबून तो म्हणाला, “काका, मला सोडा आता. मला मोटार रिवाइंडिंगचं दुकान टाकायचंय.” ढाल टेबलावर तशीच ठेवून तोही निघाला. वस्तीच्या बाजूनं भुजंगचा भोंगा लागल्याचा आवाज आला आणि प्रमुख पाहुण्यांनी तिकडे कान देऊन, आवाज चांगला आहे, कोण आहेत या, असं विचारलं. शाल अजून माझ्या हातातच होती. तुम्ही सात वर्षांपूर्वी विचारलेला प्रश्न मला पुन्हा कुणीतरी विचारत होता.

तेव्हा दाजी, असा आमच्या पुरस्काराचा इतिहास आहे. तेरा वर्षं आम्ही लोकप्रिय कोण हे शोधत होतो आणि दर साली चार वाजता ते आम्हाला कळत होतं. मी चिटणीसपदाचा राजीनामा दिलेला आहे. यापुढे शाळा बरी आणि म्हैस बरी. अक्काला नमस्कार सांगा. उन्हाचं दुकानात बसू नका, बसलात तर दुपारी मासे खाऊन बसू नका.

आपला नम्र,
रंगनाथ

ता. क. – या पत्रासोबत औरंगाबादच्या गाडीनं जवारीचं एक पोतं पाठवलं आहे, कंडक्टर ओळखीचा आहे. अक्का खूश होऊन ते लगेच कणगीत ओतायला निघेल, तिला ओतू देऊ नका. डाव्या कोपऱ्यातून हात घाला, ढाल लागेल. तुमच्या दुकानाच्या शेजारी नावं कोरणारा आहे ना, त्याच्याकडून सूर्यभानच्या तेराच्या तेरा पट्ट्या काढून घ्या आणि एकच पट्टी लावा. नाव वर दिलेलं आहे. साल घालू नका. खाली गट लिहायचा का असं त्यानं विचारलं तर नको म्हणा.

ता. क. २ – ढाल पॉलिशला तुमच्याकडे दिली आहे, असं मी आबासाहेबांना चिठ्ठीनं कळवलं आहे. ते येत्या आठवड्यात डोळे दाखवायला औरंगाबादला येणार आहेत आणि तुमच्याकडे उतरणार आहेत. पॉलिशवाला गावाला गेला आहे, हे वाक्य तोंडात बसवून ठेवा. तुम्ही खोटं बोलताना हसता. आणि वर राजीनामा दिला आहे असं जे लिहिलं, तो लिहून खिशात ठेवला आहे. सदरा धुवायला जाण्याआधी देईन.

ता. क. ३ – एक राहिलं. खरं तर राहिलं नव्हतं, ठेवलं होतं. ‘उत्कृष्ट चाल’ ही जी चौदावी पट्टी, माझ्या नावाची, ती फेकू नका. उलटी करा आणि कडूबाईचं नाव तिच्याच पाठीवर कोरा. ती चाल माझी नाही. अठ्ठ्याऐंशीच्या आधीच्या हिवाळ्यात कडूबाई आमच्या रानात कापूस वेचायला होती, तेव्हा आश्रुबावर तिनं स्वतः रचलेलं एक गाणं म्हणायची. मी बांधावर बसून ती चाल उचलली, तिच्यावर अल्पबचतीचे शब्द बसवले आणि बक्षीस घेतलं. तिला कळलं नसेल असं मी सहा वर्षं धरून चाललो होतो. काल वस्तीत जाऊन कबूल केलं. ती चिंचा फोडत होती, हात न थांबवता म्हणाली, “ठाव हाय की, मास्तर. तवापासून दर साली मायकवर आदी तीच म्हनायलेय मी. तुमाला आवाज यायलाय का न्हाई ते बगायला.”

पट्टी जरा ठळक कोरायला सांगा.